उद्यापन नसलेली व्रते



महाराष्ट्रात धर्माविषयी बोलायला उभा राहिलेला वक्ता बहुधा दोनपैकी एका बाजूने बोलतो. एक बाजू म्हणते, धर्म लोपत चालला म्हणून समाजाची घडी विस्कटली. दुसरी म्हणते, धर्म अजून पुरता लोपला नाही म्हणून ती घडी नीट बसत नाही. धर्म म्हणजे देऊळ, मशीद, चर्च, पोथी, सणवार आणि जनगणनेच्या अर्जातला एक रकाना, हे मात्र दोघांनाही मान्य असते. त्या रकान्यापुरते पाहिले तर आपला देश जवळजवळ पूर्णपणे धार्मिक आहे. २०११च्या जनगणनेत धर्म न नोंदवलेल्यांची संख्या सुमारे २९ लाख होती, म्हणजे लोकसंख्येच्या पाव टक्क्याएवढी. मला आज वेगळा प्रश्न मांडायचा आहे. रात्री अंथरुणाला पाठ टेकताना आजचा दिवस सत्कारणी लागला की वाया गेला, हे आजचा सुशिक्षित माणूस कशावरून ठरवतो? किती पावले चाललो, किती तास काम उपसले, पोटात काय गेले, मुलाला चाचणीत किती गुण पडले, यावरून. देवाचे नाव घ्यायचे राहिले, याची रुखरुख त्याला क्वचितच लागते. न्यायनिवाड्याची जागा बदलली आहे आणि त्या बदलाची नोंद कुठल्याच रकान्यात होत नाही. माझे म्हणणे थोडक्यात असे आहे: आपल्या रोजच्या व्यवहारांनी धर्माची जागा घेताना त्याच्याकडून व्रते घेतली, पापपुण्याचा हिशेब घेतला, सोवळेओवळे घेतले, उद्यापन, प्रायश्चित्त आणि क्षमा मात्र मागेच ठेवली. आज घरोघरी जाणवणाऱ्या थकव्याचे एक मोठे कारण या अर्धवट उचललेल्या वारशात आहे.

आवडेल त्या छंदाला धर्म म्हणत सुटलो तर त्या शब्दाला अर्थच उरणार नाही, म्हणून आधी मर्यादा आखून घेऊ. एमिल दुर्खेम या फ्रेंच समाजशास्त्रज्ञाने १९१२ साली धर्मावरचा आपला मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. देव मानणे ही धर्माची खूण होऊ शकत नाही, हे त्याने बौद्ध धर्माचा दाखला देऊन दाखवले. त्याच्या मते धर्माला दोन गोष्टी लागतात: पवित्र आणि अपवित्र अशी विभागणी, आणि ती विभागणी एकत्र पाळणारा समुदाय. ज्या भूमीत जैन, बौद्ध आणि सांख्य विचार वाढले, तिथल्या माणसाला देवाविना धर्म ही कल्पना परकी नाही. याच धाग्याने मी तीन प्रश्न विचारतो. एखादी गोष्ट माणसाला त्याची लायकी सांगते का? ती चुकली तर गैरसोय वाटते की अपराध वाटतो? आणि ती पाळणारे व न पाळणारे अशी माणसांची प्रतवारी ती लावते का? तिन्ही उत्तरे ‘हो’ आली, तर ती गोष्ट नावाने काहीही असली तरी धर्माचे काम करते आहे. संध्याकाळी पाय मोकळे करायला बाहेर पडणारा माणूस या व्याख्येत बसत नाही. पावलांचा आकडा अपुरा राहिला म्हणून ज्याला झोप लागत नाही, तो बसतो.

हा पावलांचा आकडाच जवळून पाहू. १९६४ साली टोकियोत ऑलिंपिक स्पर्धा झाल्या, जपानमध्ये व्यायामाची हवा तयार झाली, आणि १९६५ साली यामासा या कंपनीने कमरेला लावून पावले मोजायचे यंत्र बाजारात आणले. त्याचे नाव ‘मानपो-केई’, म्हणजे दहा हजार पावलांचे मापक. आकडा गोल होता, जिभेवर बसणारा होता आणि यंत्र विकायला सोयीचा होता. दहा हजार पावलांनी आयुष्य वाढते, असा अभ्यास त्याच्या मुळाशी नव्हता. पुढे हाच आकडा मनगटावरच्या घड्याळात आणि खिशातल्या फोनमध्ये शिरला. २०१९ साली आय-मिन ली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सरासरी ७२ वर्षे वयाच्या १६,७४१ अमेरिकन स्त्रियांचा अभ्यास प्रसिद्ध केला. दिवसाला सुमारे २,७०० पावले चालणाऱ्या स्त्रियांपेक्षा सुमारे ४,४०० पावले चालणाऱ्या स्त्रियांमध्ये मृत्यूचे प्रमाण स्पष्टपणे कमी दिसले. हा लाभ ७,५०० पावलांच्या आसपास स्थिरावला; त्यापुढे त्यात फारशी भर पडली नाही. शास्त्र बोलले, तरी आकडा जागचा हलला नाही. आजही रात्री दहा वाजता स्वयंपाकघर ते गॅलरी अशा येरझाऱ्या घालणारी माणसे आपल्या इमारतींत आहेत, कारण घड्याळ ९,४०० दाखवत असते. घड्याळ चार्जिंगला असताना चाललेली पावले ‘फुकट गेली’ असे ती अगदी मनापासून म्हणतात. शरीराच्या दृष्टीने ती पावले मुळीच फुकट गेलेली नसतात. नोंद झाली नाही, एवढेच. लाभापेक्षा नोंदीला महत्त्व आले की व्यायाम संपतो आणि कर्मकांड सुरू होते.

नोंदीचा हा सोस फोनने जन्माला घातलेला नाही. त्याला सुमारे तीन शतकांचा इतिहास आहे. बेंजामिन फ्रँकलिनने आपल्या आत्मचरित्रात स्वतःच्या एका वहीचे वर्णन केले आहे. त्याने तेरा सद्‌गुण निवडले, प्रत्येकाला वहीत एक पान दिले, पानावर आठवड्याच्या सात वारांचे रकाने आखले, आणि ज्या दिवशी चूक होईल त्या दिवशी काळा ठिपका द्यायचा असे ठरवले. एका आठवड्याला एक गुण, तेरा आठवड्यांत एक फेरी, वर्षात चार फेऱ्या. आज मोबाइलमधले सवयी मोजणारे प्रत्येक अ‍ॅप याच वहीचे वंशज आहे. समाजशास्त्रज्ञ मॅक्स वेबरने १९०४-०५ मध्ये प्रोटेस्टंट आचारनीती आणि भांडवलशाही यांचा संबंध उलगडताना फ्रँकलिनचाच आधार घेतला. कॅल्विनपंथी प्रोटेस्टंटाला आपला उद्धार ठरलेला आहे की नाही हे कळायला मार्ग नव्हता. मग व्यवसायातल्या अखंड, शिस्तशीर कामात आणि त्याच्या यशात तो आपल्या निवडीची खूण शोधू लागला. पुढे उद्धारावरचा विश्वास ओसरला, पण काम करून स्वतःला सिद्ध करत राहण्याची सवय टिकली. प्युरिटन माणसाला असे जगायचे होते, आपल्याला तसे जगणे भाग पडते, हा वेबरचा निष्कर्ष आजही खरा वाटतो. मुंबई-पुण्यातल्या कार्यालयांत मुदती आणि मानांकने घेऊन जी कार्यसंस्कृती आली, तिच्या पोटात हा जुना धार्मिक घोर आहे. ती स्वीकारताना आपण कॅल्विनचा देव घेतला नाही, त्याची धास्ती तेवढी घेतली.

खाण्याच्या बाबतीत तर आयात करायची गरजच नव्हती. सोवळ्यातला स्वयंपाक, कुणाच्या हातचे चालते आणि कुणाच्या हातचे नाही, कोणत्या दिवशी काय वर्ज्य, हे सगळे आपल्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या होते. ते मोडावे म्हणून समाजसुधारकांनी आयुष्ये वेचली आणि शहरांत ते बऱ्याच अंशी मोडलेही. त्या रिकाम्या जागेत आता साखर, मैदा, ग्लूटेन आणि कर्बोदके यांचे विटाळ आले आहेत. लग्नाच्या पंगतीत जिलेबीला नकार देणाऱ्याच्या चेहऱ्यावर पथ्याची अडचण नसते, व्रतस्थाचे समाधान असते. आणि ती खाणारा ‘आज पाप केले’ असे आपण होऊन कबूल करतो. शुद्ध आहाराच्या या ध्यासाचाच आजार होऊ शकतो, हे ओळखून स्टीव्हन ब्रॅटमन या अमेरिकन डॉक्टरने १९९७ साली त्याला ‘ऑर्थोरेक्सिया’ असे नाव दिले. मधुमेह्याने साखर टाळणे हा वैद्यकाचा भाग आहे. साखर खाणाऱ्याकडे तुच्छतेने पाहणे हा सोवळ्याचा भाग आहे. दोन्ही एकाच ताटात येतात, म्हणून त्यांतला फरक आपल्या लक्षात येत नाही.

आता माझ्या मांडणीच्या मध्यावर येतो. जुन्या व्रतांची रचना पाहिली तर त्यांत आरंभाइतकाच शेवटाचाही काटेकोर विचार दिसतो. सोळा सोमवारांचे व्रत सोळा सोमवारांचेच असते. सतराव्या सोमवारी उद्यापन होते, चुरम्याचा प्रसाद वाटला जातो आणि व्रत करणारी व्यक्ती मोकळी होते. चातुर्मासात कांदा, लसूण, वांगी सोडणारे आषाढी एकादशीच्या आधी कांदेनवमीला पोटभर कांदा खाऊन घेतात आणि कार्तिकी एकादशीनंतर पुन्हा खाऊ लागतात. सोडलेल्या गोष्टीकडे परत जाणे हा व्रताचाच भाग असतो. पूजेच्या शेवटी क्षमाप्रार्थना असते. मंत्रात, विधीत, भक्तीत जे उणे राहिले असेल ते पुरे मानून घे, असे देवालाच सांगितले जाते. म्हणजे पूजा बिनचूक होणार नाही, हे विधी रचणाऱ्याने आधीच गृहीत धरले आहे. चूक झालीच तर प्रायश्चित्ताला माप आहे: प्राजापत्य कृच्छ्र बारा दिवसांचे, चांद्रायण एका महिन्याचे. ते संपले की दोषही संपला. गणपतीसारख्या लाडक्या देवालाही दीड, पाच, सात किंवा दहा दिवसांनी निरोप दिला जातो. वारीची सांगता गोपाळकाल्याने होते, आणि वाटेवर भेटणारे वारकरी वय, जात, हुद्दा न बघता एकमेकांच्या पायांवर डोके ठेवतात. त्या क्षणी कोण किती चालला हे कुणी मोजत नाही. आता नव्या व्रतांकडे पाहा. दहा हजार पावले आज पूर्ण झाली तरी मध्यरात्री आकडा शून्यावर येतो. सलग दोनशे दिवस पाळलेला नेम एका दिवसाने तुटला की पुन्हा एकपासून मोजणी सुरू होते. कार्यालयातले या वर्षीचे उद्दिष्ट गाठले, की पुढच्या वर्षीचे आपोआप वर सरकते. या हिशेबात पुण्य साठत नाही आणि पाप फिटत नाही.

याचे परिणाम मोजता येतात. जॉन मेनार्ड केन्स या अर्थशास्त्रज्ञाने १९३० साली अंदाज बांधला होता की शंभर वर्षांत माणसाला आठवड्याला पंधरा तास काम पुरेल. ते शतक संपत आले आहे. जागतिक आरोग्य संघटना आणि आंतरराष्ट्रीय कामगार संघटना यांनी २०२१ साली काढलेल्या अंदाजानुसार, आठवड्याला ५५ किंवा अधिक तास काम केल्यामुळे २०१६ या एका वर्षात पक्षाघात आणि हृदयविकाराने सुमारे ७ लाख ४५ हजार माणसे दगावली. आपल्या जवळचे उदाहरण घ्यायचे तर पुण्यातल्या सदाशिव पेठ आणि नवी पेठेतल्या अभ्यासिका पाहा. केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या परीक्षेला देशभरातून दहा लाखांच्या आसपास अर्ज येतात आणि निवड साधारण हजार जणांची होते. गावाकडून आलेला मुलगा अभ्यासिकेत एक खुर्ची भाड्याने घेतो, समोरच्या भिंतीवर वेळापत्रक चिकटवतो, मेसच्या डब्यावर दिवस काढतो आणि एकेक ‘अटेम्प्ट’ मोजतो. तपश्चर्या म्हणून ती कमी प्रतीची नाही. खुल्या गटाला सहा संधी आणि वयाची अट असल्यामुळे या व्रताला कायद्याने शेवटही आहे. नाही तो त्या शेवटाचा संस्कार. निवड झालेल्याची गावातून मिरवणूक निघते. उरलेल्या लाखोंना ‘तू प्रामाणिकपणे कष्ट केलेस, आता मोकळा झालास’ असे सांगणारी कोणतीही रीत आपण तयार केलेली नाही. म्हणून तिशी उलटलेली मुले गावी जायचे टाळतात.

यावर पहिला आक्षेप असा येईल की चालणे, बेताने खाणे, मन लावून काम करणे या चांगल्या सवयी आहेत. त्यांना नावे ठेवून काय साधणार? सवयी चांगल्या आहेत हे मला पूर्ण मान्य आहे. माझा आक्षेप त्यांना दिलेल्या अधिकारावर आहे. चालण्याचा लाभ एका टप्प्यानंतर स्थिरावतो, अपराधाची भावना मात्र कुठल्याच टप्प्यावर स्थिरावत नाही, आणि या दोहोंतल्या अंतराचे समर्थन आरोग्याच्या भाषेत करता येत नाही. शिवाय ज्याला चालण्यातून स्वतःची लायकी ठरवायची नसते, तो एक दिवस चुकला तरी दुसऱ्या दिवशी सहज चालायला लागतो. ज्याने त्यावर आपली लायकी टांगली, तो एकदा मोडला की बहुधा कायमचा सोडतो. म्हणजे सवय टिकवण्यासाठीसुद्धा तिला धर्मपदावरून खाली उतरवणे हिताचे आहे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. जुन्या धर्मातल्या उद्यापनाचे आणि प्रायश्चित्ताचे मी गोडवे गातो आहे. पण ती हत्यारे कुणाच्या हातात होती? १८९० साली पुण्यात पंचहौद मिशनमध्ये चहा घेतला एवढ्याच कारणावरून न्यायमूर्ती रानडे आणि लोकमान्य टिळक यांच्यासारख्यांना प्रायश्चित्ताच्या वादातून जावे लागले. व्रतांचा भार प्रामुख्याने बायकांवर होता आणि उद्यापनाची दक्षिणा पुरोहिताकडे जात होती. ज्या वारीतल्या समतेचा मी मघाशी उल्लेख केला, तिच्या शेवटी उभे असलेले विठ्ठलाचे देऊळ अस्पृश्य मानलेल्यांना १९४७च्या मे महिन्यापर्यंत बंद होते आणि ते उघडावे म्हणून साने गुरुजींना प्राण पणाला लावून उपोषण करावे लागले. हे सगळे खरे आहे. म्हणूनच मी जुन्याकडे परत चला असे म्हणत नाही. महात्मा फुल्यांनी १८७३ साली सत्यशोधक समाज स्थापला आणि शेवटच्या काळात सार्वजनिक सत्यधर्माचे पुस्तक लिहिले. डॉ. आंबेडकरांनी १९५६ साली नागपुरात लाखो अनुयायांसह बुद्धाचा धम्म स्वीकारला. जुना जाच मोडणाऱ्या या दोघांनीही मोडलेल्या जागी काय उभे करायचे याचा विचार केला होता. ती जागा रिकामी राहत नाही, हे त्यांना ठाऊक होते. आपण ती रिकामी ठेवली आणि बाजाराने ती भरली.

तिसरा आक्षेप म्हणजे, हे पोट भरलेल्यांचे दुखणे आहे. चार घरची धुणीभांडी करणारी बाई सकाळपासून किती पावले चालते हे कोण मोजते? आक्षेपात तथ्य आहे, पण तो माझ्या मुद्द्याला बळच देतो. वरच्या वर्गाने हौसेने स्वीकारलेले मोजमाप खालच्या वर्गावर सक्तीने येऊन पडते. घरोघरी जेवणाचे डबे पोचवणाऱ्या तरुणाच्या फोनवरही आकडे आणि तारे आहेत. फरक एवढाच, की त्याचा आकडा घसरला तर मनाची शांती जात नाही, पोटावर पाय येतो. आणि या सक्तीविरुद्ध उद्यापन कसे मिळवायचे, याचा आपल्या इतिहासातला सर्वांत चांगला धडा कष्टकऱ्यांनीच घालून दिला आहे. एकोणिसाव्या शतकात मुंबईच्या गिरण्या सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत चालत आणि ठरलेली साप्ताहिक सुट्टी नव्हती. फुल्यांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ साली कामगारांच्या सभा घेतल्या आणि साडेपाच हजार कामगारांच्या सह्यांचे निवेदन सरकारकडे दिले. आठवड्यातून रविवारची सुट्टी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती अशा त्यांच्या मागण्या होत्या. सहा वर्षे झगडल्यावर १० जून १८९० रोजी मुंबईच्या गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. रविवार हा खंडोबाचा वार, कष्टकरी समाजाच्या जिव्हाळ्याचा. लोखंड्यांनी तो माणसाचा हक्क म्हणून मागितला. ज्या १८९० सालच्या चहाच्या पेल्यावरून पुण्यात पुढे प्रायश्चित्ताचे वाद रंगले, त्याच साली मुंबईत कामगारांनी कामाला शेवट मिळवून दिला. जुन्या धर्मातले काय सोडायचे आणि काय नव्या रूपात कमवायचे, हे या दोन घटना शेजारी ठेवल्या की स्पष्ट दिसते.

तेव्हा उत्तराची दिशा आपल्याला माहीत आहे. कामाच्या वेळेनंतर साहेबाच्या फोनला उत्तर न देण्याचा हक्क फ्रान्सने १ जानेवारी २०१७ पासून कायद्यात आणला. आपल्या लोकसभेतही सुप्रिया सुळे यांनी याच आशयाचे खासगी विधेयक मांडले आहे. लोखंड्यांच्या रविवारचा तो पुढचा टप्पा आहे आणि त्यामागे लोकमत उभे राहिले पाहिजे. पण सगळे कायद्यावर सोपवून चालणार नाही. न्यायमूर्ती रानड्यांच्या पुढाकाराने १८७५ साली पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू झाली. जिथे लोक पूर्वी पुराण आणि कीर्तन ऐकायला जमत, तिथे ते विचार ऐकायला जमू लागले. धर्माची जागा घेणाऱ्या गोष्टी मुळात वाईट नसतात, याचा हा पुरावा आहे. व्याख्यानाला आलेल्या श्रोत्याची हजेरी कुणी मांडत नाही, त्याने किती ग्रहण केले याचे गुण कुणी देत नाही, आणि तास संपला की सभा विसर्जित होते. धर्माची जी बाजू माणसाला मोकळे करते, ती या परंपरेने उचलली. तीच कसोटी आपल्या घरातल्या, शाळेतल्या, कार्यालयातल्या प्रत्येक नव्या नेमाला लावावी, अशी माझी आपल्याला विनंती आहे. परीक्षेतून परत आलेल्या मुलाचे स्वागत निवड झालेल्याइतक्याच मानाने करा. आपल्या हाताखाली काम करणाऱ्या माणसाला आजचे काम आज संपले असे स्पष्ट शब्दांत सांगा. आणि स्वतः व्रत जरूर घ्या, चालण्याचे घ्या, वाचनाचे घ्या, कमी खाण्याचे घ्या. पण घेतानाच त्याच्या उद्यापनाचा दिवस ठरवा, मध्ये चार दिवस चुकले तर ते माफ आहेत असे आधीच लिहून ठेवा, आणि त्या दिवशी चार माणसांना जेवायला बोलवा.